पाट्याचं बाळ

"आज आम्ही चॉकलेट वाटलं," मी फोनवर आईला सांगितलं.

"कुणाला? काय विशेष?"

"कुणाला नाही गं. पाट्यावर वाटलं."

पलीकडे शांतता. तिच्याकडे सकाळचे साडेसहा वाजले होते, देवरुखजवळच्या आमच्या घरी बंब नुकता पेटला असणार. माझ्याकडे संध्याकाळचे सात होते आणि मी मेक्सिकोतल्या वाहाका शहरात एका गच्चीवर गुडघ्यांना तेल चोळत बसले होते. (स्पेलिंगमधला एक्स विसरा, तिथले लोक वाहाकाच म्हणतात.)

"चॉकलेट पाट्यावर वाटतात?" तिने जरा वेळाने विचारलं. आवाजात अविश्वास नव्हता. नवीन पदार्थाची कृती ऐकताना तिचा जो आवाज लागतो, तो होता.

दिवाळी टेक्सासला लेकीकडे केली आणि पुढच्या आठवड्यात आम्ही दोघी वाहाकाला गेलो. लेक कॉलेजात स्पॅनिश शिकली आहे, त्यामुळे भाषेची चिंता नव्हती. चॉकलेट करायला शिकवणाऱ्या एका बाईंकडे तिने आधीच जागा राखून ठेवली होती. मला वाटलं होतं, साचे असतील, वितळलेलं चॉकलेट असेल, आपण ओतायचं आणि फोटो काढायचे. प्रत्यक्षात शहराबाहेरच्या एका गावात, घराच्या मागच्या अंगणात आम्ही पोचलो. तिथे कोळशाची शेगडी होती, त्यावर परातीएवढा मातीचा तवा होता आणि चटईपुढे तीन पायांचा एक काळा दगड होता. दगड बघून मी जागच्या जागी थांबले.

तो पाटाच होता. म्हणजे आपला नव्हे, पण ओळखायला एक क्षणही लागला नाही. त्याला मेटाटे म्हणतात. आपला पाटा जमिनीवर सपाट बसतो, हा तीन पायांवर पुढच्या बाजूला उतरता उभा असतो. आपला वरवंटा पाट्यात मावतो, यांचा लाटण्यासारखा लांब, दोन्ही टोकांना निमुळता आणि दगडाच्या कडांबाहेर येणारा. पण दगडाची जात एकच, ज्वालामुखीतून आलेला काळा दगड. आमच्या गावात घरं जांभ्याची, पण पाटा मात्र घाटावरून आलेल्या काळ्या दगडाचाच लागायचा. जांभा वाटायला उपयोगाचा नाही, भुगा होऊन चटणीत उतरतो. मी खाली बसून मेटाटेवरून तळवा फिरवला. टाकीचे बारीक खड्डे बोटांना लागले. ताजे होते.

"मागच्या आठवड्यातच टोचून घेतलाय," त्या बाई म्हणाल्या. आम्ही त्यांना सेन्योरा म्हणत होतो, आणि त्या आम्हा दोघींनाही 'मिहा' म्हणत होत्या. मिहा म्हणजे माझी पोर. माझं वय बावन्न. या वयात आईशिवाय दुसऱ्या कुणी मला पोरी म्हणून हाक मारलेली मला आठवत नाही, आणि ती हाक मला फार गोड लागली.

आधी निवडणं. सुपासारख्या उथळ टोपलीत कोकोच्या बिया ओतल्या होत्या, बदामाएवढ्या, मातकट, आणि नाक जवळ नेलं तर चक्क शिरक्याचा वास. फळातून काढल्यावर या बिया त्यांच्या पांढऱ्या गरासकट काही दिवस आंबवतात आणि मग उन्हात वाळवतात, त्याचा तो वास. बिया वाहाका शहराच्या आसपासच्या नसतात. शहर समुद्रसपाटीपासून साधारण 1,550 मीटर उंचीवर आहे आणि कोकोला दमट उकाडा लागतो. त्यामुळे माल येतो तो बहुतेक ताबास्को आणि चियापास या राज्यांतून. झाड मोठं मजेदार असतं, फणसासारखं. फुलं आणि फळं थेट खोडावर.

चियापासमधल्या सोकोनुस्को भागातून ॲझ्टेक राजांना कोकोचा खंड जायचा, ओझ्यांच्या हिशेबात. एक ओझं म्हणजे 24,000 बिया. हा आकडा मी आधी वाचला होता, पण तो असाच का, हे टोपलीपुढे बसल्यावर कळलं. ते लोक विसाच्या पटीत मोजत. वीस गुणिले वीस गुणिले वीस म्हणजे आठ हजार, आणि असे तीन आठ हजार म्हणजे एक ओझं. आमची आजी आंबे आणि नारळ असेच मोजायची, 'तीन विसा आणि वर पाच'. बिया तेव्हा चलनच होत्या. मेक्सिकोतल्याच त्लाश्काला या ठिकाणची 1545 सालची एक बाजारभावाची यादी शिल्लक आहे. तिच्यात टर्कीची मादी शंभर बियांना, नुकतं उतरवलेलं ॲव्होकॅडो तीन बियांना आणि मोठा टोमॅटो एका बीला आहे. सालात चिखल भरून खोट्या बिया खपवणारे लोकही तेव्हा होते. सेन्योरा पोकळ बी अंगठ्याने दाबून बाजूला टाकत होत्या आणि बोलताना हाताकडे बघतसुद्धा नव्हत्या.

मग भाजणं. मातीच्या त्या तव्याला कोमाल म्हणतात, आपल्या खापरीसारखाच, फक्त वरून चुना फासून पांढरा केलेला. बिया घातल्या आणि लहान केरसुणीने सारखं हलवायला सांगितलं. पहिली पाच मिनिटं आंबूस वाफ आली, मग भाजलेल्या भाकरीसारखा वास, आणि मग अचानक एक-दोन बिया तडतडल्या आणि अंगणभर चॉकलेट झालं. आमच्याबरोबर कॅनडाचं एक जोडपं होतं. त्यांनी तोवर चार प्रश्न विचारले होते, त्या वासाबरोबर तेही गप्प झाले. गरम बिया हातावर घेऊन चोळल्या की साल सुटतं, शेंगदाण्याचं सुटतं तसंच. आम्ही दोघींनी सवयीने पाखडायला सुरुवात केली. सालं सेन्योरांनी वेगळी ठेवली. त्याचं उकळून पेय करतात.

आता वाटण. मेटाटेच्या पोटाखाली निखाऱ्यांचं लहान भांडं सरकवलं. दगड तापला पाहिजे, नाहीतर कोको सुटत नाही, असं त्या म्हणाल्या. कोकोच्या बीत निम्म्याच्या आसपास स्निग्धांश असतो, आणि तो आपल्या अंगाच्या उष्णतेपेक्षा थोड्या कमी उष्णतेलाच वितळतो. म्हणूनच चॉकलेट जिभेवर ठेवलं की विरघळतं. पण थंड दगडावर तो धरून बसतो.

चटईवर गुडघे टेकून बसायचं, पुढे झुकायचं, वरवंट्याची दोन्ही टोकं धरून अंगाचं वजन खाली लोटायचं आणि मनगटाने परत ओढायचं. आम्ही पाट्यामागे पाय पसरून किंवा उकिडव्या बसायचो, इथे सगळी ताकद कमरेतून येते. पहिल्या वीस-पंचवीस फेऱ्यांत नुसता तपकिरी भरडा झाला, कडेने सांडत होता. मी बोटांनी गोळा करून परत वर घेत होते. सेन्योरांनी माझा हात थांबवला आणि विचारलं, "तू कुठे शिकलीस हे?"

मला कळेना, काय शिकले. लेक म्हणाली, "आई, तू बोट असं वाकवून कडेचं वर ओढतेस ना, ते विचारतायत."

ते मी कुठे शिकले, ते मलाही ठाऊक नाही. वाटताना आईचं उजवं मधलं बोट तसंच वाकायचं, एवढं खरं.

मग ते घडलं, ज्यासाठी मी परत तितकीच लांब जाईन. भरडा चालला होता, चालला होता, कोरडा, खरबरीत, आणि दोन फेऱ्यांच्या मध्ये केव्हातरी त्याचा आवाज बदलला. खरखर थांबली आणि चिकट, जड असा आवाज यायला लागला. तीळ कुटताना तेल सुटतं तसं कोकोने अंग सोडलं. पीठ होतं ते लोणी झालं, दगडावर चकाकायला लागलं, आणि उतारावरून खालच्या लाकडी थाळीकडे हळूहळू ओघळायला लागलं. पाण्याचा थेंब नाही, तेलाचा थेंब नाही. मी लेकीकडे बघितलं. तिने आयुष्यात पाटा चालताना पाहिलेला नाही, मिक्सरच पाहिला. तोंडावर हात ठेवून ती त्या दगडाकडे बघत होती.

त्या आनंदात आमच्या हातून चूक झाली. दालचिनी साखरेबरोबर कोरडी वाटून बाजूला ठेवायची होती. ती राहिली, आणि लक्षात आलं तेव्हा कोको पातळ झाला होता. सेन्योरांनी क्षणभर विचार केला, मग कांड्या हाताने चुरून वरून घातल्या. त्यांची दालचिनी कागदासारखी पातळ आणि ठिसूळ होती, श्रीलंकेकडची खरी दालचिनी. तरी ओल्या वाटणात तिच्या बारीक काड्या वरवंट्याखालून निसटत राहिल्या. मागाहून बदाम, आणि सगळ्यात शेवटी साखर.

साखर, दालचिनी, बदाम. तिन्ही त्यांच्याकडे समुद्रापलीकडून आले, स्पॅनिश लोकांच्या जहाजांतून. त्याआधी हजारो वर्षं कोकोत साखर नव्हतीच. मिरची, व्हॅनिला, सुगंधी फुलं, मक्याचं पीठ असं काहीबाही घालून तो पीत. आणि त्यांच्याकडून आपल्याकडे काय आलं? मिरची आली, पोर्तुगीजांच्या गलबतांतून, आणि आज ती नसलेलं मराठी जेवण डोळ्यांपुढे आणता येत नाही. चिकू आला. 'चिकू' हा शब्दच तिथल्या नाहुआत्ल भाषेतून निघाला आहे. आदल्या दिवशी बाजारात एका बाईंनी ममे नावाच्या फळाची बी दाखवली होती, वीतभर नाही पण बोटाएवढी लांब, चकचकीत तपकिरी, एका कडेला पांढुरका व्रण. मी म्हटलं, ही चिकूची बी, मोठी झालेली. ममे आणि चिकू खरोखरच एका कुळातले आहेत. ती बी वाटून कोको आणि मक्याबरोबर तेहाते नावाचं पेय करतात, मोठ्या मातीच्या पसरट भांड्यात, वर बोटभर पांढरा फेस. आणि झेंडू! ऑक्टोबरचा शेवट होता, त्यांचा मृतांचा सण आला होता, गावात दारोदारी झेंडूचे भारे पडले होते. तिथे त्याला सेम्पासुचिल म्हणतात, म्हणजे मूळ नाहुआत्लमध्ये वीस फुलं. पुन्हा वीसच. हे फूल तिथलंच आहे, आपल्या दसऱ्याला ते नंतर आलं. काही आठवड्यांपूर्वीच मी लेकीच्या दाराला टेक्सासच्या दुकानातल्या झेंडूचं तोरण लावलं होतं.

वाटणाला दम द्यायला थांबलो तेव्हा सेन्योरांनी वरवंटा पुसून एका पांढऱ्या फडक्यावर आडवा ठेवला आणि फडक्याची दोन टोकं त्याच्यावर टाकली. धूळ बसू नये म्हणून. पण तो तसा गुंडाळलेला बघून मला हसू आलं, आणि का हसले ते सांगणं भाग पडलं. मी लेकीला म्हटलं, सांग त्यांना. आमच्याकडे बाराव्या दिवशी बाळाचं बारसं करतात, तेव्हा बाळाच्या आधी वरवंटा पाळण्यात जातो. त्याला कुंची घालतात, काजळ लावतात, आणि दोन बायका पाळण्याच्या वरून-खालून तो एकमेकींकडे देतात, कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या म्हणत. हिच्या बारशालाही केलं होतं.

लेकीने कुंचीला स्पॅनिश शब्द शोधत शोधत सांगितलं. सेन्योरा हसतील असं मला वाटलं होतं. त्या हसल्या नाहीत. फडक्यातल्या वरवंट्याकडे बघत राहिल्या.

"आम्ही याला आता मानो म्हणतो," त्या म्हणाल्या. मानो म्हणजे हात. "पण जुना शब्द मेत्लापिल. नाहुआत्लमधला आहे. मेत्लात्ल म्हणजे मेटाटे, आणि पिल्ली म्हणजे मूल. मेटाटेचं मूल."

मग त्यांनी ते फडकं नीट केलं, बाळाचं दुपटं करतात तसं, आणि मला म्हणाल्या, "तर तुमच्याकडेही हे ठाऊक आहे."

त्या वेळी मला पुढे बोलता आलं नाही. दोन टोकांच्या बायकांनी एका दगडात मूल पाहिलं. एकमेकींना न भेटता, न ऐकता. यामागे काही दुवा आहे असं मी म्हणत नाही, दुवा नसणारच. कदाचित तासन् तास ज्याला धरून पुढे-मागे झुलायचं, त्याला बाईमाणूस दुसरं काय म्हणणार?

त्यांना मी विचारलं, घरचं चॉकलेट तुम्ही नेहमी असंच वाटता का? त्यांनी मान हलवली. नाही. शहरात वीस नोव्हेंबर नावाच्या मंडईजवळ मीना रस्ता आहे, तिथे चक्क्या आहेत. कोको, दालचिनी, साखर हवी तशी निवडून द्यायची आणि गरम लगदा भांड्यात घेऊन यायचं. दुसऱ्या दिवशी आम्ही गेलो. तो रस्ता डोळे मिटूनही सापडेल, इतका वास. एक किलो कोकोला कुणी एक किलो साखर घालत होतं, कुणी दोन. आपल्या गिरणीत दळण टाकून बायका उभ्या असतात तशाच बायका उभ्या होत्या. "माझ्या आईचे गुडघे गेले या दगडापायी," सेन्योरा म्हणाल्या होत्या. "मी गिरणीत जाते. मेटाटेवर फक्त सणाचं. मृतांच्या वेदीवर ठेवायचं ते मी हाताने वाटते, कारण माझी आई येऊन वास घेणार आणि तिला कळणार."

हे त्यांनी सांगितलं याचं मला फार बरं वाटलं. आमच्या घरी मिक्सर आला त्या दिवशी आईने आधी देवापुढे साखर ठेवली आणि मग पाटा उचलून मागच्या दारी नेऊन टाकला. "सुटले," एवढंच म्हणाली. आठ माणसांचं वाटण, रोज, दोन वेळा. पाट्यावरच्या चटणीची चव वेगळी हे खरं आहे, आणि ती चव कुणाच्या खांद्यातून निघायची हेही खरं आहे. त्या दगडावर सुंदर हात चालायचे म्हणून ते दिवस परत यावेत, असं मी कधीच म्हणणार नाही. पण त्या हातांना जे येत होतं ते कुणी कधी विद्या म्हणून मोजलं नाही, याचं मला वाईट वाटतं. तिथे त्या अंगणात चार माणसं पैसे भरून गुडघे टेकून ते शिकत होती आणि शिकवणाऱ्या बाईंना 'माएस्त्रा', म्हणजे गुरू, म्हणत होती. आईला असं कुणी म्हणालं असतं तर?

लगदा थोडा निवल्यावर हातावर थापून वड्या केल्या. त्या दाताखाली रवाळ लागतात, साखर कचकचते. ज्या गुळगुळीत चॉकलेटची आपल्याला सवय आहे ते फार अलीकडचं. कोकोतून चरबी दाबून काढायचं यंत्र हॉलंडमध्ये 1828 साली आलं, खायची वडी इंग्लंडमध्ये 1847 साली, आणि तासन् तास घोटून मऊ करायची युक्ती लिंट यांनी स्वित्झर्लंडमध्ये 1879 साली काढली. त्याआधी जगात चॉकलेट म्हणजे बहुतेक दगडावर वाटलेलं, आणि प्यायचं.

प्यायलाच बसलो शेवटी. गरम पाण्यात दोन वड्या, उंच मातीच्या भांड्यात, आणि मोलिनियो. ती लाकडी रवीच, कोरीव कड्यांची, फक्त दोरीऐवजी दोन तळव्यांत धरून फिरवायची. लेक ताक करायला कधी शिकली नाही, पण तिचा फेस माझ्यापेक्षा चांगला आला. अंड्याच्या पिवळ्या बलकाचा मऊ पाव त्यात बुडवून खायचा. पाण्यातलं चॉकलेट, दुधाचं नाही. आधी कडसर, मग दालचिनी, मग साखर, आणि सगळ्यात शेवटी घशात तो अंगणातला भाजल्याचा वास.

नोव्हेंबरात घरी आले. बॅगेत आठ वड्या होत्या. आईने एक हातात घेऊन उजेडाकडे धरली, नखाने खरवडली, नाकाशी नेली. मग माझं न ऐकता स्वतःच उठली, पातेल्यात पाणी ठेवलं आणि रवी घेतली. मी खुर्चीवर बसून बघत होते. अठ्ठ्याहत्तर वर्षांची आहे, उजवा खांदा वर जात नाही, पण रवीला खांदा लागत नाही.

तिने एक घोट घेतला. गिळला नाही लगेच, जीभ टाळूवर फिरवली. मग बोटाने जिभेवरून काहीतरी काढलं आणि माझ्यापुढे धरलं. केसाएवढी बारीक, तपकिरी काडी.

"दालचिनी मागून घातलीत."

"हो."

"कोरडं आधी वाटायचं असतं. साखर शेवटी घातलीत, ते बरोबर." पुन्हा एक घोट. "भाजलंय छान. वाटण अजून दोन हात हवं होतं."

मी तिला अंगणातलं सगळं सांगितलं. उतरता दगड, तीन पाय, मेटाटेचं मूल. त्यावर ती "अगंबाई" म्हणाली आणि थोडा वेळ मागच्या दाराकडे बघत राहिली. तिथे पाटा अजून आहे, त्यावर पाय घासतात. वरवंटा मात्र तिने आत, कपाटाखाली ठेवलाय. बारशाला लागतो, शेजारपाजारचे मागायला येतात.

"पण खालून निखारे ठेवतात म्हणालीस ना?" तिने कप खाली ठेवत विचारलं. "मग दगड तापून त्यांची टाकी लवकर बोथट होत असेल. किती दिवसांनी लावून घेतात?"

मला सांगता येईना.

"विचार त्यांना," आई म्हणाली.